ठरावाच्या विरोधात एक

बेलवलीच्या नाक्यावर फ्लेक्स लागला तेव्हा जिचं अभिनंदन त्यावर छापलं होतं ती मैत्रेयी पुण्यात होती, आणि तिने नोकरीला हो म्हटलेलं नव्हतं. एवढी एक गोष्ट सोडली तर फ्लेक्समध्ये काही खोट नव्हती. फोटो चांगला आला होता. नावाआधी ‘डॉ.’ होतं. खाली विहार कमिटीचे सगळे सभासद ओळीने हसत होते, त्यातल्या अध्यक्षांचा फोटो मैत्रेयीपेक्षा जरा मोठा होता, पण तेवढं चालायचंच. ‘उल्हासनगर येथील महाविद्यालयात राज्यशास्त्र विषयाच्या कायमस्वरूपी प्राध्यापिकापदी निवड झाल्याबद्दल’ असा मजकूर होता, आणि त्यातला ‘कायमस्वरूपी’ हा शब्द तिच्या बापाने, महेंद्रने, मुद्दाम जाड करून घेतला होता.

त्याला नावं ठेवण्यात अर्थ नाही. मैत्रेयी नऊ वर्षं तासिका तत्त्वावर शिकवत होती. कधी कल्याण, कधी उल्हासनगर, कधी एकाच दिवशी दोन्हीकडे. वर्ग सुरू असले की मॅडम, सुट्टी लागली की घरी. अंबरनाथच्या ऑर्डनन्स फॅक्टरीत उमेदीची सगळी वर्षं घालवून रिटायर झालेल्या महेंद्रला ही जगायची तऱ्हाच कळत नव्हती. त्यामुळे निवड झाल्याचं तिने पुण्याहून फोनवर सांगितलं तसा तो चपला घालून विहारात गेला. आता आपल्याकडे बातमी आणि फ्लेक्स यांच्यात एका संध्याकाळचं अंतर असतं, हे कोणालाही माहीत आहे.

रविवारी सकाळी मैत्रेयी परतली, नाक्यावर रिक्षातून उतरली, थोडा वेळ स्वतःकडेच बघत उभी राहिली आणि घरात आल्यावर बॅगसुद्धा खाली न ठेवता म्हणाली, “बाबा, ते कोणी लावलं?”

“कमिटीने,” महेंद्र म्हणाला. “बरा आलाय ना?”

“मी अजून हो म्हटलेलं नाही.”

“मग उद्या म्हण. उद्यापर्यंत मुदत आहे ना?”

“मी नाही म्हणायचा विचार करतेय.”

महेंद्रला आधी वाटलं, पोरीला प्रवास बाधलाय. त्याने तिला बसायला सांगितलं, पंखा वाढवला. मग तिने सगळं सांगितलं. इंग्लंडमधल्या लीड्स गावच्या विद्यापीठाने तिला दोन वर्षांसाठी बोलावलं होतं. जगभरातले छोटे छोटे ज्यू समाज आपापला कारभार कसा चालवतात, कमिट्या कशा निवडतात, कोणाला सभासद धरतात, कशावरून भांडतात, यावर तिथे मोठं काम चाललं होतं, आणि त्यांना कोकणातल्या बेने इस्राएल समाजाची जाणकार हवी होती. बारा वर्षं मैत्रेयी तेच तर करत होती. एका प्रार्थनामंदिराच्या निवडणुकांवर तिने प्रबंध लिहिला होता. घरातल्या कोणीही तो शेवटपर्यंत वाचला नव्हता, पण शोकेसमध्ये सगळ्यांना दिसेल असा ठेवला होता.

“दोन वर्षं,” महेंद्र म्हणाला. “आणि तिसऱ्या वर्षी?”

“ते आत्ता नाही सांगता येत.”

“इथे कायम आहे.”

“इथे कायम आहे आणि माझा विषय नाही. त्यांनी स्पष्ट सांगितलंय, मॅडम, ज्यूंचं वगैरे रिकाम्या वेळात करा. टाइमटेबल बघितलं मी. रिकामा वेळच नाहीये.”

महेंद्र उठला, खिडकीशी गेला, परत आला. “जेवायच्या आधी मीटिंग घेऊ,” म्हणाला.

आता ही मीटिंग म्हणजे नुसतं बसून बोलणं नव्हे. महेंद्रच्या बापाने, सोमाने, चाळीत विहाराची कमिटी काढली होती आणि तीच पद्धत घरालाही लावली होती. विषय मांडायचा, एक सूचक, एक अनुमोदक, चर्चा, मग हात वर. सोमा गेला, चाळ गेली, बेलवलीत फ्लॅट झाला, तरी फ्रिज घेण्यापासून धाकट्या मुलीच्या, प्रीतीच्या दुचाकीपर्यंत सगळं असंच ठरत आलं होतं. सोमानंतर अध्यक्षपद त्याच्या बायकोकडे, जनाबाईकडे आलं होतं, आणि चिटणीस अर्थातच महेंद्र. या घरात आजवर एकही ठराव पडला नव्हता. बहुमताने मंजूर झाला, असंही कधी घडलं नव्हतं. जे झालं ते सर्वानुमते, आणि महेंद्रला त्याचा भारी अभिमान होता. सोमाचा आणखी एक नियम होता, ज्याचा विषय त्याला मत नाही. म्हणजे आज मैत्रेयीने नुसतं बसायचं होतं.

स्वयंपाकघरात मैत्रेयीची आई, उमा, कोंबडीला वाटण लावत होती. बाहेरचं सगळं तिला ऐकू आलं होतं. धाकटी प्रीती पाण्याच्या निमित्ताने आत आली तेव्हा उमाने मिक्सर बंद केला.

“तुला आधीपासून माहीत होतं.”

“परवा फोन आलेला ताईचा. मी बोलली, बिंदास जा, इधर का मैं देख लेगी. माझं मत तुलाच, असं पण सांगितलं तिला.”

“बरं केलंस,” उमा म्हणाली. “आजीचे गुडघे तू बघ. बाबांची शुगर बघ. पुढे तू लग्न करून पनवेल नाहीतर नाशिक गाठलंस की मग काय करायचं तेही आत्ताच बघून ठेव.”

प्रीती उल्हासनगरला एका खाजगी बँकेत होती. दिवसभर तिथल्या कॅम्पातल्या सिंधी व्यापाऱ्यांना ‘साईं, आज सही तो कर दो’ म्हणत कागद पुढे सरकवणारी मुलगी, कोणाला सहज हार जाणारी नव्हती. पण हे तिच्या डोक्यात आलं नव्हतं. ती पाणी न पिताच बाहेर गेली.

उमाने हे काही डाव टाकून केलं नव्हतं. जे पोटात होतं तेच ओठावर आलं. मैत्रेयी लांब जाणार या नुसत्या कल्पनेने तिचा जीव खालीवर होत होता, आणि पोरीला ते तोंडावर सांगायची हिंमत नव्हती. अंगणवाडीत इतकी वर्षं लोकांच्या पोरांना ‘रडायचं नाही, आई येते हं’ म्हणून समजावलं, आणि आता स्वतःला समजावायला शब्द नव्हते.

बेल वाजली. दारात सॅमसनकाका झिराडकर उभे होते, महेंद्रचे फॅक्टरीतले जुने सोबती, अंबरनाथहून आलेले. हातात स्टीलचा डबा.

“महेंद्र, लेका, मला न विचारता शुभेच्छुक केलंस?” आत येतायेताच ते म्हणाले. “खजिनदाराच्या बाजूला लावलाय मला. रिक्षावाला बोलला, काका, इलेक्शनला उभे आहात काय?”

“तुझ्यामुळेच तर पोरगी या मार्गाला लागली,” महेंद्र म्हणाला. त्यात कौतुक किती आणि तक्रार किती, हे त्याचं त्यालाच माहीत.

“जनाबाई, जयभीम.”

“जयभीम, बाबा. बस. डब्यात काय हाय?”

“मलिदा. हिचं काम होऊ दे म्हणून एलियाहू हन्नाबीला नवस बोललो होतो, तो फेडला सकाळी.” गोड पोहे, ओलं खोबरं, वेलची, वर फळांच्या फोडी. काकांच्या घरी कोणतीही शुभ गोष्ट झाली की एलियाहू पैगंबराच्या नावाने हा प्रसाद व्हायचाच.

“कुठलं काम, काका?” उमाने विचारलं.

“म्हणजे? कितीयत?”

मग त्यांनाही सगळं सांगावं लागलं. ते मिशीतल्या मिशीत हसले आणि म्हणाले, मी तर नुसतं ‘काम’ एवढंच बोललो होतो, आता वरच्याला ठरवू दे.

मैत्रेयी त्यांच्याकडे बघत होती. तिच्या सगळ्या अभ्यासाचं मूळ या माणसाच्या हॉलमध्ये होतं. ती तिसरी-चौथीत असताना बाबांच्या स्कूटरवर बसून अंबरनाथला त्यांच्याकडे गेली होती, आणि त्या दिवशी तिथे त्यांच्या बेने इस्राएल समाजाची वार्षिक सभा भरली होती. मोजकी माणसं. सगळी तिच्यासारखंच मराठी बोलणारी, कोकणातली, कधीकाळी तेलाचे घाणे चालवणारी आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारी म्हणून शनवार तेली म्हणवली गेलेली. काय भांडत होती ती माणसं. हिशेब वाचू देईनात, माइक देईनात, एक आजोबा तर सदऱ्याच्या बाह्या वर करून उभे. छोट्या मैत्रेयीला आपल्या जयंती कमिटीची आठवण झाली आणि ती इतकी हसली की काकूने तिला आत नेऊन करंजी दिली. पुढे एम.ए.ला विषय निवडायची वेळ आली तेव्हा तिला दुसरं काही सुचलंच नाही. अंबरनाथपासून अलिबागपर्यंत फिरली, हिब्रू शिकली, म्हाताऱ्यांच्या शिव्या खाल्ल्या, पण एका दिवसाचाही कंटाळा आला नाही. या कामात ती सुखी होती. एवढं साधं होतं ते, आणि नेमकं तेच ठरावात कुठे बसत नव्हतं.

सगळे बसले. भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब, खाली सोफ्यावर अध्यक्ष जनाबाई, पाय उशीवर. सॅमसनकाका निमंत्रित.

महेंद्रने घसा साफ केला. “मैत्रेयीने उल्हासनगरच्या कॉलेजातली कायमस्वरूपी नोकरी स्वीकारावी, असा ठराव मी मांडतो.”

“माझं अनुमोदन,” उमा म्हणाली. ती मैत्रेयीकडे बघत नव्हती.

“चर्चा. कोणाला बोलायचं असेल तर बोला.”

मग महेंद्रच आधी बोलायला लागला, आणि एकदा लागल्यावर बारा वर्षांचं बाहेर आलं. “मी कधी बोललो नाही. लोकांनी विचारलं, महेंद्रराव, पोरगी डॉक्टर झाली, कशात? मी सांगायचो, ज्यू लोकांच्या राजकारणात. लोक माझ्याकडे असे बघायचे. विहारात मला विचारतात, आपल्या समाजावर लिहायला काय कमी होतं? आपल्या चळवळीवर, धर्मांतरावर? तुझ्या आजोबाने छप्पन साली नागपूरला जाऊन दीक्षा घेतली, त्याच्यावर चार ओळी लिहिल्या असत्यास तर माझी छाती फुगली असती. मी काय उत्तर देऊ त्यांना?”

“मी उत्तर देऊ?” मैत्रेयीने विचारलं.

“मत नाही. बोलायला मनाई नाही.”

“मी तुमच्यावरच लिहिलंय, बाबा. मूठभर माणसं, भोवती एवढा मोठा समाज, आणि तरी आपलं आपण चालवायचं. वर्गणी आपली, घटना आपली, भांडणंही आपली. हे मला कळलं ते या सोफ्यावर बसून. दुसऱ्या मुलींना त्या मिटिंगा बघून झोप आली असती. मी हसत बसले, कारण मी तुमची मुलगी आहे.”

महेंद्रने चष्मा काढला, पुसला, परत घातला. त्याला ते फार आवडलं होतं, आणि म्हणूनच तो जास्त घाईने म्हणाला, “ठीक आहे. मतदान. ठरावाच्या बाजूने?”

त्याचा हात वर. उमाचा हात वर. प्रीतीने आधी फरशीकडे बघितलं, मग ताईकडे, मग पुन्हा फरशीकडे बघत हात अर्धा उचलला. मैत्रेयीला तो अर्धा हात सगळ्यात जास्त लागला. महेंद्रने सोफ्याकडे बघितलं आणि जनाबाईचा हात वर गेला.

“सर्वानुमते मंजूर,” महेंद्र म्हणाला आणि त्याचे खांदे खाली आले. “बघ सॅमसन, असं असतं. एक शब्द नाही. तुमच्याकडे होतं का कधी असं?”

“आमच्याकडे?” सॅमसनकाकांनी मांडी बदलली. “आमच्याकडे ठराव मांडला की आधी दोन पार्ट्या होतात, मग विषय काय ते विचारतात. आता एझ्रा बघ. मागच्या इलेक्शनला माझ्याविरुद्ध उभा राहिला, मला सगळ्यांसमोर हुकूमशहा बोलला. तेव्हापासून माझ्याशी एक अक्षर बोलत नाही. पण शनिवारी, शब्बाथला सकाळी तो आला नाही असं झालेलं नाही. प्रार्थनेला दहा पुरुष लागतात, आणि अंबरनाथला आता खेचून ताणून आम्ही तेवढेच उरलोत. तो नाही आला तर माझी प्रार्थना होत नाही. मी नाही गेलो तर त्याची होत नाही. तो तोंड फिरवून बसतो, मी पण फिरवून बसतो. आणि आम्ही दहा होतो.”

महेंद्र हसला. उमाही हसली. मैत्रेयी हसली नाही. हीच गोष्ट तिने प्रबंधात एक अख्खं प्रकरण खर्ची घालून सांगितली होती, परीक्षकांनी तिची तारीफ केली होती, आणि आत्ता, स्वतःच्या घरात, ती पहिल्यांदा तिच्या कानात शिरली. तिने हात वर केला.

“काय हवंय?” महेंद्रने विचारलं.

“काही नको. ठरावाच्या विरोधात एक.”

“तुला मत नाही.”

“माहितीय. तरी मोजा.”

“अगं, नियम आहे घराचा. आबांनी केलेला.”

“बाबा, मला तिकडे जायचंय. खूप जायचंय. तुम्ही नाही म्हणालात तरी माझं मन तेच म्हणणार आहे, मग खोटं सर्वानुमते कशाला?”

आत कुकरची शिटी झाली. उमा गॅस बंद करायला उठली आणि न जाताच परत बसली. पोरीचा हात वरच होता.

जनाबाई तो हात बघत होती. तिला त्या क्षणी काय आठवलं ते तिने आजवर कोणाला सांगितलं नव्हतं, आणि आता सांगायला हरकत कोणाची, सोमा तर गेला.

“तो नियम कसा झाला ठाव हाय का तुला, महेंद्र?” ती म्हणाली. “अंबरनाथला काडेपेटीच्या कंपनीत बाया घेत होते. मला जायचं होतं. माझं नाव पण घेतलेलं मुकादमाने. तवा ह्यांनी मीटिंग घेतली. ह्यांचे भाऊ, चुलते, सगळे बसले. मी बोलली, मी पण हात वर करते. तर हे बोलले, ज्याचा विषय त्याला मत नाय. झाला नियम. सर्वानुमते ठरलं का जनाबाईनी कंपनीत जायचं नाय. मी तवा आत चाय करत होते.”

“आई, तू कधी बोलली नाहीस,” महेंद्र म्हणाला.

“कोणी विचारलं? हे माझ्याकडे बघायचे, मी हात वर करायची. आता तू बघतोस, मी वर करते. मघाशी पण केला. ठराव काय व्हता, त्याकडं माझं ध्यानच नव्हतं.” तिने उशीवरचे पाय खाली घेतले. “सोमा चांगला माणूस व्हता. माझ्यावर जीव व्हता त्याचा. पण मला कंपनीत जायचं व्हतं, महेंद्र. अजून वाटतं कधीकधी. मी अध्यक्ष हाय ना? मग तो नियम मी रद्द केला. परत घे मतदान. आणि माझ्याकडं बघू नको.”

महेंद्रने सॅमसनकाकांकडे बघितलं. काका छताकडे बघत होते.

“ठरावाच्या बाजूने,” तो म्हणाला. आवाज बारीक झाला होता.

त्याचा हात. उमाचा हात. उमाचे डोळे भरून आले होते, तरी हात ताठ होता. “मी बाजूनेच,” ती म्हणाली. “मला ती इथे हवीय. मला खोटं बोलता येत नाही.”

“नको बोलूस, आई,” मैत्रेयी म्हणाली.

“विरोधात?”

मैत्रेयीचा हात वर. जनाबाईचा हात वर, हा कोणाकडेही न बघता. सगळे प्रीतीकडे वळले.

“मघाशी मी घाबरलेली,” प्रीती म्हणाली. “आई बोलली ते बरोबरच आहे, सगळं माझ्या अंगावर येणार. येणार तर येऊ दे. पण ताई, तू रोज रात्री फोन करायचा. आणि दोन वर्षांनी आली की मी सुट्टीवर, मग तू सगळं बघायचं. समझी क्या?” आणि तिने हात वर केला, या वेळी पूर्ण.

“बाजूने दोन, विरोधात तीन,” महेंद्र म्हणाला. हे वाक्य या घरात पूर्वी कोणी उच्चारलं नव्हतं, त्यामुळे ते पुढे कसं न्यायचं ते त्याला कळेना. “ठराव... ठराव नामंजूर.”

कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. जनाबाईने मलिद्याचा डबा पुढे ओढला आणि पहिला घास स्वतःच घेतला. उमा डोळे पुसत आत गेली आणि आतून ओरडून विचारलं की त्या लीड्सला सुकट न्यायला देतात का. प्रीतीने फ्लेक्सवाल्याला फोन लावला, साईं, एक पट्टी मारायची आहे वरून, मजकूर पाठवते. सॅमसनकाका म्हणाले, माझा फोटो मात्र आहे तिथेच राहू दे.

महेंद्र एकटाच खुर्चीत बसून होता. मैत्रेयी त्याच्याजवळ जमिनीवर जाऊन बसली. तिला भीती वाटत होती की आता तो उठून विहारात निघून जाईल आणि रात्री जेवताना फक्त मीठ मागेल.

“रागावलात?”

“रागावलोय,” महेंद्र म्हणाला. “माझा विरोध कायम आहे. शंभर वेळा मतदान घेतलंस तरी माझा हात तिकडेच जाईल. कमिटीला उद्या काय तोंड दाखवू, ते मलाच बघायचंय.”

“हो.”

“थंडी असते तिकडे?”

“खूप.”

तो उठला. दारामागून चपला काढल्या, एक पायात घातली, दुसरी शोधायला लागला. “मग जेवण झाल्यावर निघू. उल्हासनगरला कॅम्पात चांगल्या बॅगा मिळतात, आणि जाड कोट पण बघू,” म्हणाला. “तू एकटी गेलीस तर दुकानदार तुला फसवील. मी येतो.”